प्रतिकार नेमका शोधायचा कुठे? मुस्लिम स्त्रिया, विवाहप्रथा आणि जोगेश्वरीतला संशोधक

पीएच.डी.च्या प्रवेशासाठी लिहिलेल्या आराखड्यांमध्ये या धर्तीचं शीर्षक हमखास दिसतं: ‘मुस्लिम समाजातील स्त्रियांचा जाचक विवाहप्रथांना प्रतिकार: एक समाजशास्त्रीय अभ्यास (विशेष संदर्भ: जोगेश्वरी)’. जोगेश्वरीच्या जागी मुंब्रा, गोवंडी, भिवंडी, मालेगाव काहीही टाका, बाकीचं शीर्षक तसंच राहतं. विषय चांगला आहे, गरजेचाही आहे. पण मुलाखतीत समोरचे गाईड दोनच प्रश्न विचारतात: “प्रथा म्हणजे नेमकी कोणती? आणि प्रतिकार झाला हे तुम्ही ओळखणार कशावरून?” इथे बऱ्याच जणांची गाडी अडते.

या लेखात या दोन प्रश्नांची उत्तरं कशी बांधायची ते पाहू. सोबत तिसराही प्रश्न घेऊ, जो सहसा कुणी विचारत नाही: ती स्त्री ज्या वस्तीत राहते, त्या वस्तीचा इतिहास तिच्या बोलण्यावर आणि गप्प राहण्यावर काय परिणाम करतो? जोगेश्वरीसारख्या ठिकाणी हा प्रश्न टाळला तर हाती आलेली माहिती चुकीची वाचली जाण्याची दाट शक्यता असते.

आधी तीन खण करा: प्रथा, शरियत, कायदा

आराखड्यात ‘मुस्लिम विवाहप्रथा’ असा एकच शब्द येतो आणि त्यात सगळं कोंबलं जातं: तोंडी तलाक, बहुपत्नीत्व, जहेज, नाममात्र मेहर, लवकर लग्न. पण यातली प्रत्येक गोष्ट वेगळ्या जागेवरून येते.

जहेज घ्या. मुलीकडून हुंडा मागण्याला शरियतमध्ये आधार नाही. उलट मेहर ही नवऱ्याने बायकोला द्यायची रक्कम आहे. म्हणजे जहेज ही निव्वळ रूढी झाली, आणि ती शेजारच्या हिंदू घरांतही तितकीच आहे. आता मेहर घ्या. मेहर शरियतमध्ये आहे, पण ती नाममात्र ठेवायची, किंवा ती मागणं म्हणजे तलाकची भाषा करणं असं समजायचं, ही रूढी. याच्या उलट, एका बैठकीत तीनदा तलाक म्हणून लग्न मोडणं. त्याला हनफी फिक्हमध्ये मान्यता होती, अहल-ए-हदीस पंथ मात्र तीन वेळा उच्चारलेला तलाक एकच धरत आला. म्हणजे इथे ‘इस्लाम काय म्हणतो’ या प्रश्नाचं उत्तर मुस्लिमांमध्येही एक नाही.

तिसरा खण सरकारी कायद्याचा. १९३७ चा शरियत अ‍ॅप्लिकेशन अ‍ॅक्ट, १९३९ चा मुस्लिम विवाहविच्छेद कायदा, १९८६ चा घटस्फोटित मुस्लिम महिलांचा कायदा, २००५ चा घरगुती हिंसाचाराविरुद्धचा कायदा, २०१९ चा तिहेरी तलाकविरोधी कायदा. हे सगळे संसदेने किंवा त्याआधीच्या केंद्रीय विधिमंडळाने केलेले आहेत. लोक ज्याला ‘आमचा पर्सनल लॉ’ म्हणतात, त्यातला बराच भाग असा कायदेमंडळात आणि कोर्टात घडलेला आहे.

हे खण का करायचे, याचं मुंबईतलंच एक जुनं उदाहरण आहे. १८४७ मध्ये मुंबईच्या तत्कालीन सुप्रीम कोर्टात खोजा आणि मेमन कुटुंबांतले वारसाहक्काचे दावे आले. खोजा मुलींचं म्हणणं होतं की आम्ही मुस्लिम आहोत, तर कुराणाप्रमाणे आम्हाला बापाच्या मालमत्तेत वाटा द्या. न्यायाधीश अर्स्किन पेरी यांनी निकाल दिला की या जमातींची रूढी मुलींना वाटा देत नाही, आणि रूढीच लागू होईल. मुली हरल्या. म्हणजे इथे स्त्रिया शरियतचा आधार घेऊन रूढीशी लढत होत्या आणि वसाहतीचं कोर्ट रूढीच्या बाजूने उभं होतं. ‘धर्म म्हणजे जाच, आधुनिक कायदा म्हणजे सुटका’ हे गृहीतक धरून जो संशोधक निघेल, त्याला हे प्रकरण कुठे बसवायचं तेच कळणार नाही.

तर पहिली सूचना: आराखड्यात ‘विवाहप्रथा’ असं मोघम न लिहिता एकच प्रथा निवडा, आणि ती कुठल्या खणात पडते ते दोन ओळींत लिहा.

डोळ्यांना दिसणारा प्रतिकार

आता दुसरा प्रश्न. प्रतिकार म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर मोर्चा येतो. महाराष्ट्राला याचा मोठा इतिहास आहे आणि तो तुम्हाला माहीत असलाच पाहिजे.

१८ एप्रिल १९६६ रोजी मुंबईत विधिमंडळावर, म्हणजे तेव्हाच्या कौन्सिल हॉलवर, सात मुस्लिम स्त्रियांनी मोर्चा नेला. तोंडी तलाक आणि बहुपत्नीत्व बंद करा, समान नागरी कायदा आणा, अशा मागण्या होत्या. मोर्चामागे हमीद दलवाई होते, आणि मोर्चात त्यांच्या पत्नी मेहरुन्निसा दलवाई होत्या. सात हा आकडा आज लहान वाटेल. पण लग्नाच्या प्रश्नावर मुस्लिम स्त्रियांनी नाव-चेहरा घेऊन सरकारच्या दारात जाणं, ही तेव्हा न ऐकलेली गोष्ट होती. पुढे २२ मार्च १९७० रोजी पुण्यात मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापन झालं. महात्मा फुल्यांच्या सत्यशोधक समाजाशी नातं सांगणारं हे नाव जाणीवपूर्वक घेतलेलं होतं. १९७७ मध्ये दलवाई गेले, तेव्हा ते पंचेचाळिशीतही पोचले नव्हते. मंडळाचं काम सय्यदभाई आणि इतरांनी चालू ठेवलं. १९८५ मध्ये मंडळाने कोल्हापूरहून तलाकमुक्ती मोर्चा काढला आणि वाटेत त्याला कडवा विरोध सोसावा लागला.

मुंबईत १९८० च्या दशकात वेगळी धारा सुरू झाली. शहनाज शेख यांनी मुस्लिम वैयक्तिक कायद्यातल्या भेदभावाला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलं, आणि त्यांच्या पुढाकारातून ‘आवाज-ए-निस्वाँ’ ही संघटना उभी राहिली. त्यानंतर २००७ मध्ये भारतीय मुस्लिम महिला आंदोलन (बीएमएमए) सुरू झालं. झकिया सोमण आणि नूरजहाँ सफिया नियाज या त्याच्या संस्थापक. यांची भाषा दलवाईंपेक्षा वेगळी आहे. दलवाई धर्मनिरपेक्ष कायदा मागत होते. बीएमएमए म्हणतं की कुराणानेच आम्हाला हक्क दिलेत, ते पुरुषांनी लपवले. म्हणून त्यांनी स्त्रियांच्या शरियत अदालती चालवल्या, स्त्रियांना काझी होण्याचं प्रशिक्षण दिलं, आणि मुस्लिम कौटुंबिक कायद्याचा मसुदा तयार केला.

२०१६ मध्ये उत्तराखंडच्या शायरा बानो सर्वोच्च न्यायालयात गेल्या. २२ ऑगस्ट २०१७ रोजी पाच न्यायाधीशांच्या पीठाने तीन विरुद्ध दोन अशा बहुमताने एका दमात दिलेला तिहेरी तलाक रद्दबातल ठरवला. २०१९ मध्ये संसदेने कायदा करून असा तलाक देणाऱ्या नवऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैदेची शिक्षा ठरवली.

इथे एक गोष्ट नीट टिपून ठेवा. २०१७ च्या निकालाचं सर्वच संघटनांनी स्वागत केलं, पण २०१९ च्या कायद्यावर त्यांच्यात फूट पडली. बीएमएमएने कायद्याची मागणी लावून धरली होती. आवाज-ए-निस्वाँतून पुढे आलेल्या हसीना खान यांचं बेबाक कलेक्टिव्ह आणि मजलिसच्या वकील फ्लेविया अ‍ॅग्नेस यांनी विरोध केला. त्यांचा मुद्दा सरळ होता: नवरा तुरुंगात गेला तर पोटगी कोण देणार? आणि आधीच पोलिसांच्या नजरेत असलेल्या समाजाच्या पुरुषांना अटक करण्याचं आणखी एक कारण पोलिसांच्या हाती का द्यायचं? मग आता सांगा, यातला प्रतिकार कोणता? दोन्हीही. ‘मुस्लिम स्त्रियांचा प्रतिकार’ असं एकवचनात लिहिणं म्हणूनच धोक्याचं आहे.

फायलीत दडलेला प्रतिकार

मोर्चे आणि संघटना यांची नोंद वर्तमानपत्रांत असते. पण बहुसंख्य स्त्रिया कधीच कुठल्या मोर्चात जात नाहीत. त्यांनी काहीच केलं नाही असं समजायचं का?

औरंगाबाद खंडपीठातलं दगडू पठाण विरुद्ध रहिमबी हे प्रकरण बघा. रहिमबी यांनी नवऱ्याकडून पोटगी मागितली होती. नवऱ्याने कोर्टात सांगितलं, मी तिला तलाक दिलाय, आता पोटगीचा प्रश्नच नाही. एका पोटगीच्या अर्जातून सुरू झालेलं हे भांडण मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्ण पीठापर्यंत गेलं. २००२ मध्ये पीठाने ठरवलं की ‘मी तलाक दिला’ असं नुसतं कैफियतीत लिहून चालणार नाही. तलाक दिला होता, त्याला कारण होतं, आधी समेटाचा प्रयत्न झाला होता, हे सगळं नवऱ्याला पुराव्याने सिद्ध करावं लागेल. त्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयानेही शमीम आरा खटल्यात याच दिशेचा निकाल दिला. म्हणजे शायरा बानो निकालाच्या पंधरा वर्षं आधीच मनमानी तलाकला कोर्टात खीळ बसली होती. आणि ती बसली ती महिन्याच्या खर्चासाठी भांडणाऱ्या बायकांमुळे. त्यांनी कुठे घोषणा दिल्या नाहीत. त्यांनी अर्ज केला आणि तो सोडला नाही.

याहून विलक्षण उदाहरण १९३० च्या दशकातलं. हनफी नियमांनुसार बायकोला स्वतःहून लग्न मोडायला जवळजवळ वाटच नव्हती. पण एक फट होती: बायकोने इस्लाम सोडला तर लग्न आपोआप संपतं. पंजाबमध्ये काही स्त्रिया नेमक्या याच फटीतून बाहेर पडू लागल्या. धर्म सोडला, लग्न संपलं. यामुळे उलेमा हादरले. मौलाना अशरफ अली थानवी यांनी मालिकी पंथाचे नियम उसने घेऊन स्त्रीला काझीमार्फत लग्न मोडण्याची मुभा देणारं विवेचन लिहिलं. त्याच प्रवाहातून १९३९ चा मुस्लिम विवाहविच्छेद कायदा झाला. नवऱ्याने दोन वर्षं पोसलं नाही, चार वर्षं त्याचा ठावठिकाणा नाही, तो क्रूरपणे वागतो, अशा कारणांवर बायकोला कोर्टातून घटस्फोट मिळू लागला. आणि त्याच कायद्याच्या चौथ्या कलमाने ती जुनी फट बुजवली: नुसतं धर्म सोडल्याने आता लग्न संपणार नाही. इतिहासकार रोहित डे यांनी यावर मुमताज बीबीच्या प्रकरणाभोवती गुंफलेला एक लेख लिहिला आहे, तो जरूर वाचा. कायद्याचा इतिहास खालून कसा लिहायचा याचा तो वस्तुपाठ आहे.

दोन संकल्पना, एक इशारा

अशा लहान-मोठ्या हालचालींना काय म्हणायचं, यासाठी तीन नावं तुमच्या संदर्भसाहित्याच्या प्रकरणात हवीतच.

पहिलं नाव जेम्स स्कॉट. १९८५ च्या ‘वेपन्स ऑफ द वीक’मध्ये त्यांनी मलेशियातल्या एका गावातल्या गरीब शेतकऱ्यांचा अभ्यास केला. उघड बंड परवडत नाही तेव्हा माणसं कामात दिरंगाई करतात, न कळल्याचं सोंग घेतात, पाठीमागे निंदा करतात. याला स्कॉट रोजच्या जगण्यातला प्रतिकार म्हणतात.

दुसरं नाव डेनिझ कँडियोटी. १९८८ च्या लेखात त्यांनी ‘पितृसत्तेशी सौदा’ ही कल्पना मांडली. प्रत्येक व्यवस्था स्त्रीवर बंधनं घालते आणि बदल्यात काहीतरी देऊ करते: निवारा, मान, म्हातारपणी सुनेवरची सत्ता. स्त्रिया या सौद्याच्या चौकटीत डावपेच आखतात. म्हणून एखादी सासू जाचक प्रथेची कडवी राखणदार असते. तिने तरुणपणी किंमत मोजलेली असते आणि आता वसुलीची वेळ आलेली असते. तेव्हा तिला ‘मागासलेली’ म्हणून मोकळं होऊ नका. ती कुठल्या सौद्यात अडकली आहे ते विचारा.

तिसरं नाव लीला अबू-लुघोद, आणि इशारा त्यांचाच. इजिप्तच्या वाळवंटातल्या अवलाद अली या बदाऊनी समाजात त्यांनी काम केलं. तिथल्या स्त्रिया वडीलधाऱ्यांनी ठरवलेली लग्नं नाकारायच्या, त्यासाठी युक्त्या लढवायच्या, पुरुषांची थट्टा करायच्या. पण १९९० च्या लेखात अबू-लुघोद म्हणतात, प्रतिकाराच्या प्रेमात पडू नका. तरुण मुली आयांना न जुमानता बाजारातली सौंदर्यप्रसाधनं आणि नवे कपडे विकत घेत होत्या. तो वडीलधाऱ्यांना विरोध होताच, पण त्याच वेळी त्या बाजाराच्या आणि नव्या प्रकारच्या नवरा-केंद्री संसाराच्या पकडीत जात होत्या. म्हणून प्रतिकार दिसला की टाळ्या वाजवून थांबू नका, त्यावरून सत्ता कुठे आणि कशी चालते ते शोधा.

जोगेश्वरीतली एक काल्पनिक केस

हे सगळं जमिनीवर कसं दिसेल? एक काल्पनिक केस घेऊ. समजा, बेहरामबागेत राहणारी एक बाई आहे. नवऱ्याने दुसरं लग्न केलंय, खर्च देत नाही, तलाकही देत नाही. पदरात दोन मुलं. तिच्यासमोर किती दारं आहेत?

पहिलं दार माहेरचं. भावाने आणि मामाने जाऊन नवऱ्याला चार शब्द सुनावायचे. खर्च शून्य. पण भावाच्या घरात जागा दहा बाय दहाची असेल तर ‘परत ये’ असं म्हणणं त्यालाही जड जातं. मुंबईत जागेची अडचण हा विवाहसंस्थेचा एक खांबच आहे असं म्हटलं तरी चालेल.

दुसरं दार जमातीचं किंवा काझींचं. तिथे ती खुला मागू शकते. खुला म्हणजे बायकोच्या पुढाकाराने झालेला विवाहविच्छेद. पण रूढ समजुतीत त्याला नवऱ्याची संमती लागते, आणि बदल्यात मेहर सोडावी लागते. सिल्विया वाटुक यांनी चेन्नई आणि हैदराबादमध्ये यावर बरीच वर्षं काम केलं आहे. त्यांच्या लेखनातून कळतं ते असं की कागदावर ‘खुला’ लिहिलं असलं तरी त्यामागे कधी बायकोची सुटका असते, तर कधी मेहर बुडवायला टपलेल्या नवऱ्याने तिला खुला मागायला भाग पाडलेलं असतं. आकडा तोच, अर्थ उलटा. नोंदवही वाचताना हे लक्षात ठेवा.

तिसरं दार स्त्रियांच्या संघटनेचं. तिथे समुपदेशन होतं, नवऱ्याला बोलावणं जातं, वकील मिळतो.

चौथं दार अंधेरीच्या मॅजिस्ट्रेट कोर्टाचं. घरगुती हिंसाचाराविरुद्धच्या कायद्याखाली ती राहत्या घरातून हाकलू नये असा आदेश आणि खर्च मागू शकते. हा कायदा सर्व धर्मांच्या स्त्रियांसाठी आहे, त्यामुळे ‘पर्सनल लॉ’चा वाद न काढताही दिलासा मिळतो.

पाचवं दार वांद्र्याच्या कुटुंब न्यायालयाचं. लोकलने पाच स्टेशनं. तिथे १९३९ च्या कायद्याखाली घटस्फोट, पोटगी, मुलांचा ताबा मागता येतो. घटस्फोट झाल्यावरही पैसे मागता येतात, कारण २००१ च्या डॅनियल लतीफी निकालाप्रमाणे नवऱ्याने इद्दतच्या काळातच तिच्या पुढच्या आयुष्याची वाजवी तरतूद करायची आहे, आणि २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२५ खालची पोटगीही तिला खुली असल्याचं पुन्हा स्पष्ट केलं. अडचण वेगळी आहे: प्रत्येक तारखेला बुडणारी दिवसाची मजुरी.

ही बाई कदाचित पाचही दारं ठोठावेल, आणि एकाच वेळी. काझींकडे अर्ज, कोर्टात तारीख, मधेच भावाची मध्यस्थी. कोर्टाची नोटीस गेली की नवरा काझींपुढे नरम येतो, आणि काझींचा कागद मिळाला की कोर्टातला दावा मागे घेतला जातो. गोपिका सोळंकी यांनी मुंबईतल्या अभ्यासावरून लिहिलेल्या २०११ च्या पुस्तकात हीच गोष्ट हिंदू आणि मुस्लिम दोन्ही समाजांबाबत मांडली आहे: कौटुंबिक न्यायाचा अधिकार सरकार एकटं वापरत नाही, तो जातपंचायती, जमाती, संघटना यांच्यात वाटला जातो, आणि स्त्रिया या वाटणीचा उपयोग करून घेतात. आता तुम्ही फक्त कोर्टाच्या फायली वाचल्या, तर ‘दावा मागे घेतला’ एवढंच दिसेल आणि तुम्ही लिहाल, ‘स्त्रीने माघार घेतली’. खरं तर तिला हवं होतं ते दुसऱ्या दारातून मिळालेलं असू शकतं. किंवा तिला खरोखरच गप्प बसवलेलं असू शकतं. दोन्ही शक्यता उघड्या ठेवून तपास करणं, हेच तुमचं काम.

वस्तीचा इतिहास का वाचायचा

आता तिसरा प्रश्न. जोगेश्वरी हे नाव मुंबईच्या आठवणीत एका जखमेसारखं आहे. जानेवारी १९९३ मध्ये इथल्या राधाबाई चाळीत एका हिंदू घराला आग लावून आतल्या माणसांना जाळून मारलं गेलं. त्यानंतर शहरभर मुस्लिम वस्त्यांवर हल्ले झाले. श्रीकृष्ण आयोगाच्या अहवालात जोगेश्वरीवर स्वतंत्र भाग आहे, तो मुळातून वाचा. दंगलीनंतर मुंबईत मिश्र वस्त्या आटत गेल्या, माणसं ‘आपल्यांत’ राहायला गेली. मुंब्रा वाढलं ते याच काळात.

याचा लग्नाशी काय संबंध? खूप आहे. प्रेमनगरमधल्या एखाद्या बाईने नवऱ्याच्या मारहाणीबद्दल पोलीस ठाण्यात जायचं, तर ते तेच ठाणं असतं ज्याच्याबद्दल तिच्या घरात १९९३ च्या गोष्टी सांगितल्या जातात. नवऱ्याविरुद्ध तक्रार आणि समाजाविरुद्ध फितुरी यांतली रेषा बाहेरच्याला स्पष्ट दिसते, आतल्या बाईला ती तितकी स्पष्ट राहू दिली जात नाही. ‘आधीच आपल्याला बदनाम करतात, त्यात तू आणखी भर घाल’ हे वाक्य फार परिणामकारक हत्यार आहे, आणि ते समाजाबाहेरच्या भीतीवर धार लावून घेतं.

याचं सगळ्यात वेदनादायक उदाहरण म्हणजे शाहबानो. एप्रिल १९८५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्या बाजूने पोटगीचा निकाल दिला. त्यावर देशभर वादळ उठलं, एका बाजूला मुस्लिम नेतृत्वाचा विरोध, दुसऱ्या बाजूला मुस्लिमांना झोडपायला मिळालेलं निमित्त. त्याच वर्षी शाहबानोंनी जाहीर निवेदन काढून तो निकाल आपल्याला नको असं सांगितलं. वयोवृद्ध बाई, वर्षानुवर्षं लढून जिंकलेला हक्क, आणि तो स्वतःच नाकारला. झकिया पाठक आणि राजेश्वरी सुंदर राजन यांनी १९८९ च्या लेखात हाच पेच मांडला आहे: या नकाराला दबाव म्हणायचं, की स्वतःला ‘वाचवायला’ निघालेल्या सगळ्यांनाच दिलेला नकार? या प्रश्नाला घाईने उत्तर देणारा संशोधक मला संशयास्पद वाटतो.

आकडे वाचताना

२०१५ मध्ये बीएमएमएने १० राज्यांतल्या ४,७१० मुस्लिम स्त्रियांचं सर्वेक्षण प्रसिद्ध केलं. त्यातल्या ९२.१ टक्के स्त्रियांनी तोंडी एकतर्फी तलाकवर बंदी हवी असं सांगितलं. हा आकडा तुम्ही आराखड्यात घालणारच. जरूर घाला, पण कसा ते बघा. ‘भारतातल्या ९२ टक्के मुस्लिम स्त्रियांना…’ असं लिहू नका. ‘सर्वेक्षणात सहभागी झालेल्या स्त्रियांपैकी…’ असं लिहा. नमुना कसा निवडला, प्रश्न कुणी विचारले, कुठल्या आर्थिक स्तरातल्या स्त्रिया होत्या, हे अहवालात शोधा. सर्वेक्षण करणारी संघटना स्वतः त्या मागणीसाठी लढते आहे हेही नोंदवा. त्याने आकडा खोटा ठरत नाही. तो चळवळीतून आलेला पुरावा आहे, आणि चळवळीतला पुरावा म्हणून तो मौल्यवान आहे.

आराखडा लिहिताना

शेवटी कामाच्या गोष्टी, मुद्द्यांत.

१. शीर्षक अरुंद करा. ‘विवाहप्रथांना प्रतिकार’ऐवजी ‘पोटगीच्या दाव्यांत जोगेश्वरीतल्या मुस्लिम स्त्रियांनी वापरलेले मार्ग, २००२ नंतर’ असं काही. २००२ का, हे वर आलंच आहे.

२. निकाहनाम्यांपासून सुरुवात करता येते. मुस्लिम विवाह हा करार आहे, त्यात अटी घालता येतात. मेहर किती लिहिली, लगेच द्यायची की नंतर, तलाकचा अधिकार बायकोला सोपवणारी तफवीजची अट आहे का, हे कागदावर दिसतं. एकाच घरातल्या आजी, आई आणि मुलीचा निकाहनामा शेजारी ठेवला तर तीन पिढ्यांचा बदल हातात येतो. ज्यांना मोर्चाबद्दल बोलायला भीती वाटते, त्याही मेहरच्या रकमेबद्दल मोकळेपणाने बोलू शकतात.

३. ‘तुमच्यावर अन्याय झाला का?’ असा प्रश्न विचारू नका. ‘मग तुम्ही काय केलंत? पहिल्यांदा कुणाकडे गेलात? तिथून परत का आलात?’ असं विचारा. क्रिया विचारली की प्रतिकार आपोआप दिसतो, आणि त्याच्या मर्यादाही.

४. नाव बदलणं पुरेसं नाही. चाळीत सगळे सगळ्यांना ओळखतात. ‘दोन मुली, एक मुलगा, नवरा रिक्षाचालक, दुसरं लग्न अमुक साली’ एवढ्यावर शेजारीण बाईला ओळखेल. तपशील मिसळा, गल्लीचं नाव काढा, आणि मुलाखत घरात घ्यायची की बाहेर हे तिला ठरवू द्या. तुमचा प्रबंध पूर्ण होईल आणि तुम्ही निघून जाल. तिला तिथेच राहायचं आहे.

५. तुलना ठेवा. त्याच वस्तीतल्या हिंदू आणि नवबौद्ध स्त्रियांची पोटगीची प्रकरणं थोडी जरी पाहिलीत, तरी जाचाचा किती भाग मुस्लिम असण्यातून येतो आणि किती भाग गरिबी, जागा आणि पुरुषी कुटुंबव्यवस्थेतून येतो, हे वेगळं करता येईल. ही तुलना नसेल तर निष्कर्षात सगळा भार धर्मावर पडतो.

६. गप्प राहिलेल्या स्त्रियांसाठी प्रबंधात जागा ठेवा. त्यांनी सौदा केला, वाट पाहिली, की खरंच काही करता आलं नाही? तिसरं उत्तरही प्रामाणिकपणे लिहा. सगळ्याच स्त्रियांना ‘प्रतिकार करणाऱ्या’ ठरवलं, तर ज्या हरल्या त्यांचं दुःख आपण पुसून टाकतो, आणि ज्यांच्यामुळे त्या हरल्या त्यांनाही सोडून देतो.

आता मुलाखतीतल्या त्या दोन प्रश्नांकडे वळा. प्रथा कोणती, आणि प्रतिकार कशावरून ओळखणार. प्रत्येकाचं उत्तर पाच ओळींत लिहून पाहा. उत्तर लिहिताना एखादी विशिष्ट बाई, एखादा विशिष्ट कागद आणि एखादं विशिष्ट दार डोळ्यांसमोर येत असेल, तर आराखडा तयार आहे असं समजा. नसेल येत, तर आधी एक दिवस वांद्र्याच्या कुटुंब न्यायालयाच्या व्हरांड्यात नुसतं बसून या.